हान्नाबाईंची सोमवारची हजेरी

दर सोमवारी सकाळी साडेदहाला हान्नाबाई आमच्या पेठेतल्या पोलीस चौकीत जाऊन स्वतःला हजर करत. त्यांच्यावर गुन्हा नव्हता, खटला नव्हता, जामीन नव्हता. साताऱ्यात ज्यांच्यावर या तिन्ही गोष्टी होत्या ती मंडळी चौकीच्या बाजूला फिरकतसुद्धा नसत. या मात्र ऊन असो की संततधार, निळं सुती पातळ घोट्याच्या चांगलं वर नेसून, पायात पांढरे कॅनव्हासचे बूट चढवून निघत. चौकीत शिरल्या की टेबलासमोर सावधान उभ्या राहत आणि खणखणीत आवाजात म्हणत, "हान्ना हजर हाय. गाव सोडलं न्हाई." त्यावर हवालदाराने "बरं" म्हणायचं, की झालं. नुसती मान हलवलेली त्यांना चालत नसे.

हे मला इतकं बारकाईने ठाऊक असण्याचं कारण म्हणजे माझी स्कूटर. मी भूगोलाचा मास्तर. निवृत्त झालो त्याच आठवड्यात आमच्या सौभाग्यवतींनी, म्हणजे सुनंदाने, भिंतीपलीकडच्या हान्नाबाईंना परस्पर सांगून टाकलं की आमचे हे आता सोमवारी रिकामेच असतात. निवृत्त माणसाच्या मताला घरात कोण विचारतो? तेव्हापासून माझा सोमवार सरकारजमा झाला. बाई मागे एका बाजूला पाय सोडून ताठ बसत. मी दिवा लावून वळण्याची खूण केली तरी त्यांचा यंत्रावर भरवसा नसे. त्या स्वतःचा लांब हात बाहेर काढून "डावीकडं!" असं ओरडत. मागचा रिक्षावाला घाबरून उजवीकडे जाई.

दिसायला बाई परदेशी आणि बोलायला पक्क्या सातारकर. कासची फुलं बघायला आलेले पर्यटक गाडी थांबवून त्यांना अदबीने इंग्रजीत रस्ता विचारत. बाई ऐकून घेत आणि म्हणत, "वाट इचारतासा व्हय? मंग मराठीत इचारा की. तोंड काय उधार आनलंय?" गाडीतली माणसं काचा वर करून निघून जात, बहुतेक वेळा चुकीच्या रस्त्याने.

ही भाषा त्यांना कोंडाबाई नावाच्या गवळणीने शिकवली होती. हान्नाबाई जन्मल्या व्हिएन्ना शहरात, ज्यू घरात. वडील तिथल्या एका शाळेत व्यायामशिक्षक. हिटलरची माणसं आली आणि सहा वर्षांच्या हान्नाला घेऊन आईबाप नेसत्या कपड्यांनिशी निघाले. इटलीतून बोट मिळाली ती मुंबईची, म्हणून मुंबईला आले. दुसरीकडची मिळाली असती तर दुसरीकडे गेले असते. इथे श्वास घेतात तोच लढाई सुरू झाली. इंग्रज सरकारच्या लेखी ही माणसं जर्मन ठरली, म्हणजे शत्रू, म्हणून त्यांना धरून साताऱ्याच्या छावणीत आणून ठेवलं. हा सगळा इतिहास बाई एका दमात सांगत. "हिटलर म्हनला, तुमी ज्यू, चालते व्हा. इंग्रज म्हनला, तुमी जर्मन, आत बसा. कोंडाबाईनं इचारलं, जेवलासा का? आता सांगा मास्तर, ह्यात शानं कोन?"

छावणीतल्या लोकांना पुढे थोडी मोकळीक मिळाली, पण दोन अटींवर. आठवड्यातून एकदा पोलिसांकडे हजेरी द्यायची आणि परवानगीशिवाय गावाची हद्द ओलांडायची नाही. बाईंचे वडील सोमवारी हजेरीला जात तेव्हा हान्नाला बोटाला धरून नेत. लढाई संपली, छावणी उठली. बरोबरीची माणसं विलायतेला, अमेरिकेला, जिथे कुणी नातलग उरला असेल तिथे पांगली. यांचं मागे कुणीच उरलं नव्हतं. वडील म्हणाले, आता आपण ट्रंका भरायच्या नाहीत. त्यांनी पेठेत दोन खोल्या घेतल्या, शाळांतून कवायत शिकवायला लागले आणि सोमवारची हजेरी तेवढी चालू ठेवली. हजेरी बंद झाली आहे असं पोलिसांनी सांगून पाहिलं. त्यांनी ऐकलं नाही. पुढे आईवडील साताऱ्यातच गेले. इथल्या ख्रिस्ती मंडळींनी मोठ्या मनाने आपल्या दफनभूमीतला एक कोपरा त्यांना दिला. वडिलांच्या मागे त्यांची नोकरी आणि त्यांची हजेरी दोन्ही मुलीकडे आली.

चौकीनेही त्याची सवय करून घेतली होती. जाणारा हवालदार येणाऱ्याला कामाचा ताबा देताना सांगे, कोठडीची किल्ली इथे, पिण्याचं पाणी तिथे, आणि सोमवारी बाई येतात, 'बरं' म्हणायचं. त्यात बाईंनी मुलींच्या शाळेत सारा जन्म कवायत शिकवलेली असल्याने जिल्ह्यातल्या निम्म्या महिला पोलीस त्यांच्या शिट्टीवर धावलेल्या. त्यामुळे हजेरी द्यायला आलेली ही बाई प्रत्यक्षात चौकीचीच तपासणी करून जाई. हवालदार घाडगे हा माणूस मनाने उमदा आणि अंगाने भरलेला. त्याला बघितला की त्या आधी ओरडत, "घाडगे, पोट आत! चोर पळाला तर त्येच्या मागं तू पळनार, का तुझं पोट?" घाडगे पोट आत घेऊन श्वास रोखून "बरं" म्हणे. ते कसंबसं बाहेर येई.

घर बाईंचं एकटीचं, पण शांत कधीच नव्हतं. शुक्रवारी दिवेलागणीला त्या दोन मेणबत्त्या लावून डोळ्यांवर हात धरून काहीतरी पुटपुटत. ती त्यांच्या आईची रीत. पेठेतल्या बायकांनी त्याचा अर्थ केव्हाच लावून टाकला होता. शुक्रवार म्हणजे देवीचा वार, तेव्हा बाईंचंही व्रत असणार! त्या हळदीकुंकवाच्या कोयऱ्या घेऊन हजर होत. बाईही आपलं कपाळ पुढे करत आणि फुटाणे खात. एकदा मी म्हटलं, बाई, त्यांना खरं काय ते सांगून टाका की. बाई म्हणाल्या, "कशाला? दिवं माझं, फुटानं त्येंचं. कुनाचं काय वाईट झालं?"

असं सगळं सुरळीत चाललेलं असताना चौकीला नवे फौजदार आले. वानखडे त्यांचं नाव, अमरावतीकडचे, नुकतेच परीक्षा देऊन लागलेले. माणूस इतका सभ्य की पाकीटमारालासुद्धा "बसा" म्हणायचा. पहिल्याच सोमवारी त्यांनी बाईंना हजेरी देताना पाहिलं आणि खुर्चीतून उठलेच. घाडगेने घाईघाईने सगळी हकिकत कानात सांगितली. साहेबांचे डोळे भरून आले. त्यांनी बाईंना नमस्कार केला आणि म्हणाले, "आजी, या वयात कशाला एवढा त्रास घेता? पुढच्या सोमवारपासून तुम्ही यायची काही गरज नाही. निवांत घरी राहा."

बाई तशाच वळल्या. 'बरं' ऐकायलाही थांबल्या नाहीत. येताना स्कूटरवर त्यांचा हात एकदाही बाहेर आला नाही. त्या सूचनांची मला इतकी सवय झाली होती की मी पोवई नाक्यावर कुठेच न वळता सरळ गेलो आणि बराच पुढे गेल्यावर भानावर आलो.

संध्याकाळी सुनंदा घाबरी होऊन आली. बाईंनी आपली लोणच्याची बरणी तिच्या हातात दिली होती. अबोलीची कुंडी समोरच्या काकूंना दिली होती. मी पलीकडे गेलो तर माळ्यावरची ट्रंक खाली काढलेली आणि बाई तिच्यात कपड्यांच्या घड्या ठेवत होत्या.

"बाई, कुठं निघालात?"

"ठाव न्हाई. सांगतील तिकडं."

"अहो, कोण सांगणार? साहेबांनी तुम्हाला त्रास नको म्हणून तसं म्हटलं. भला माणूस आहे तो."

"व्हय, लय भला हाय," बाई म्हणाल्या. "आमच्या पपांचा हेडमास्तर बी लय भला हुता. टोपी हातात घिऊन घरी आला. म्हनला, उद्यापास्नं यायची गरज न्हाई, घरी राहा. आईनं त्येला कॉफी दिली. मंग माझ्या शाळंनं तसंच सांगितलं. मंग बागंतल्या माळ्यानं. कुनीबी वरडलं न्हाई मास्तर. वरडनारे मागनं आले. वंगाळ बोलनाऱ्याशी भांडता तरी येतं. गोड बोलनाऱ्याचं मला लय भ्या वाटतं."

सत्त्याऐंशीच्या उंबरठ्यावरची बाई ट्रंकेजवळ जमिनीवर बसून हे सांगत होती. तिला पुन्हा एकदा गावातून काढणार आहेत याची तिला खात्री पटली होती. मी जन्मभर पोरांना देशांच्या सीमा नकाशावर रंगवायला शिकवल्या. त्या संध्याकाळी मी उगाच पंख्याची कळ फिरवत बसलो.

दुसऱ्या दिवशी मी आणि घाडगे साहेबांपुढे जाऊन उभे राहिलो. ऐकून साहेबांचा चेहरा एवढासा झाला. "मी असं केलं?" ते दोनतीनदा म्हणाले. मग एकदम उजळून म्हणाले, "मास्तर, आपण आजींचा जाहीर सत्कार करू! सगळ्या गावासमोर. म्हणजे त्यांना कळेल, आपल्याला त्यांचा किती आदर आहे." ही कल्पना मला फार पसंत पडली. पस्तीस वर्षं शाळेत काढलेल्या माणसाला कुठल्याही अडचणीवर सत्कार हाच उपाय सुचतो. मी लगेच कामाला लागलो. शनिवारी गल्लीत मांडव पडला, ध्वनिक्षेपक आला, बाईंच्या जुन्या विद्यार्थिनी आल्या. प्रास्ताविक अर्थातच मी केलं. ते लांबलं असं सुनंदाचं म्हणणं आहे.

बाई खुर्चीत ताठ बसून होत्या. साहेब शाल आणि श्रीफळ घेऊन पुढे झाले, टाळ्या पडल्या आणि बाई खुर्चीसकट मागे सरकल्या.

"शाल नगं!" त्या ओरडल्या. ध्वनिक्षेपक चालू असल्याने ते थेट राजवाड्यापर्यंत गेलं असावं. "निरोपच द्यायचा तर तसं सांगा. मांडव कशाला घातलासा?"

"आजी, निरोप नाही हो, हा तुमचा सन्मान आहे," साहेब काकुळतीला आले.

"ज्येला घालवायचा त्येलाच शाल देत्यात. ज्येला ठिवायचा त्येला कुनी शाल दिलीया व्हय कवा? शाळंनं मला शाल दिली, दुसऱ्या दिशी शिपायानं फाटकात अडवलं. ह्ये मास्तर बसलंत, इचारा त्येंला! शाल दिल्यावर शाळंत घेतलं व्हतं का तुमास्नी?"

सगळा मांडव माझ्याकडे बघायला लागला. मी निवृत्तीच्या दुसऱ्या दिवशी सवयीने खरोखरच शाळेत गेलो होतो आणि शिपायाने मला पाहुण्यांच्या खुर्चीत बसवून पाणी विचारलं होतं. मी खाली बघितलं. बाई घरात गेल्या, दार लावलं आणि आतून ट्रंक ओढल्याचा आवाज आला. नारळ साहेबांच्या हातातच राहिला.

मांडववाला दोऱ्या सोडत होता तेव्हा घाडगे हळूच म्हणाला, "साहेब, एक बोलू का? बाईस्नी गोड सोसत न्हाई. तुमी रागवा."

"कुणावर?"

"बाईंवर. परवा सोमवारी हजेरीला आल्या न्हाईत की लगीच. चांगलं दरडावून इचारा."

साहेबांनी आयुष्यात कुणाला दरडावलेलं नव्हतं. रविवारी चौकीत तालीम झाली. मी हान्नाबाई झालो. साहेब माझ्यासमोर उभे राहत आणि म्हणत, "तुम्ही आज हजेरीला का बरं आला नाहीत?" घाडगे कपाळाला हात लावून म्हणे, "साहेब, त्यो 'बरं' काढा मधला." साहेब पुन्हा म्हणत, "कृपया तात्काळ चौकीत यावे." कोठडीतल्या एका दारुड्याला राहवेना. त्याने तिथूनच साहेबांना दोन चांगल्या शिव्या सुचवल्या. साहेबांनी त्याचे आभार मानले, पण त्या वापरल्या नाहीत.

सोमवारी साडेदहा वाजून गेले. बाई बाहेर आल्या नाहीत. थोड्याच वेळात गल्लीत जीप येऊन थांबली. साहेब उतरले, दारावर थाप मारली. दार उघडलं. मागे ट्रंक बांधून तयार, बाईंच्या अंगात प्रवासाचा जुना कोट. तो बघितल्यावर साहेबांना काय झालं कोण जाणे. तालमीतलं एकही वाक्य तोंडातून आलं नाही. जे आलं ते सरळ त्यांच्या गावाकडच्या बोलीत आलं.

"काहून आल्या नाही तुम्ही हजेरीले? आं? सोमवार हाये का नाही आज? मी काय तिथं माशा मारत बसू? अन् हे ट्रंक कायले बांधली? कोणाले इचारून चालल्या गाव सोडून? कोणी देली परवानगी?"

बाईंनी त्यांना पायापासून डोक्यापर्यंत न्याहाळलं.

"आवाज गळ्यातनं काढतोयस," त्या म्हणाल्या. "पोटातनं काढ. पुन्यांदा."

"कोणाले इचारून चालल्या?" साहेब खरोखरच ओरडले. दोन कबुतरं उडाली.

"आता कसं!" म्हणत बाईंनी कोट काढून ट्रंकेवर टाकला, कॅनव्हासचे बूट चढवले आणि कुणी हात द्यायच्या आत जीपमध्ये पुढच्या जागेवर जाऊन बसल्या. आरोपीने मागे बसायचं असतं, असं घाडगे पुटपुटला. बाईंनी खिडकीतून हात बाहेर काढला आणि ओरडल्या, "डावीकडं!" पोलीस धरून नेताना इतकं खुशीत कुणी गेलेलं आमच्या पेठेने बघितलं नव्हतं. सुनंदा दारात उभी राहून पदराने डोळे पुसत हसत होती. तिने लोणच्याची बरणी परत केली, पण बरीच रिकामी.

पुढे वर्षभर हे चाललं. वानखडे साहेब दर सोमवारी रागावत आणि बाई त्यांच्या रागावण्याला गुण देत. कधी घसा बसला असेल तर साहेब आदल्या दिवशी गुळण्या करत. त्यांचं आईपासून लांब असणं बाईंनी ओळखलं होतं. रागावून झालं की त्या हळूच विचारत, "डबा कुनाचा खातूस रं?" आणि दुसऱ्या दिवशी चौकीत आमच्या घरून डबा जाई, कारण बाईंना चहापलीकडे काही करता येत नसे.

मग बाईंचं हृदय कुरकुरायला लागलं. डॉक्टर म्हणाले, पुण्याला न्यावं लागेल. बाई म्हणाल्या, हद्दीबाहेर जायचं तर परवानगी पाहिजे. साहेब घरी आले. बाई खाटेवर होत्या, तरी उशीला टेकून ताठ झाल्या. साहेबांनी आवाज पोटातून काढला. "परवानगी देतो. पण उपचार झाले की सरळ परत यायचं. तिथं रेंगाळल्या तर मी स्वतः पुण्याले येतो अन् धरून आणतो. समजलं?"

"काय म्हनलास?"

"धरून आणीन म्हटलं!"

गाडी खंबाटकीचा बोगदा ओलांडून उतरत होती तेव्हा त्यांनी माझा हात धरला. "मास्तर, जल्मात हाकलनारे लय भेटले. गेलं कुठं म्हनून हुडकत येऊन धरून आनीन, असं म्हननारा ह्यो पहिलाच." असं म्हणून त्या हसल्या आणि वाटभर डोळे मिटून पडून राहिल्या.

पुण्यात त्या गेल्या. सकाळची वेळ होती, खिडकीतून ऊन आलं होतं, त्रास झाला नाही. पुण्यातली ज्यू मंडळी ताबडतोब धावून आली. त्यांची तिथे रीतसर दफनभूमी आहे. ते आपुलकीने म्हणाले, बाई आमच्यातल्याच, इथेच सगळं व्यवस्थित करू, तुम्ही एवढ्या लांब कुठे नेता? बोलणं अगदी शहाणपणाचं होतं. मी दमलो होतो. हो म्हणण्याआधी मी साहेबांना फोन लावला. ते एवढंच म्हणाले, "मास्तर, थांबा तिथंच."

दुपारी ते आले. रजा टाकून आले होते, शववाहिका त्यांनीच ठरवून आणली होती, तरी अंगावर पुरी वर्दी होती, कडक इस्त्रीची. मी म्हटलं, साहेब, रजेवर आणि वर्दी? ते म्हणाले, "धरून न्यायचं तर साध्या कपड्यात कसं न्यायचं?" त्या मंडळींना हे काही नीट उमगलं नसावं, पण त्यांनी हरकत घेतली नाही. त्यांच्यातले एक वृद्ध गृहस्थ प्रार्थना म्हणायला आमच्याबरोबर गाडीत बसले.

साहेब बाईंच्या शेजारी बसले होते. पुणं मागे पडलं. शिरवळच्या अलीकडे नीरेचा पूल लागला. तिथे आमचा जिल्हा सुरू होतो. पूल ओलांडल्यावर त्यांनी फोन काढून घाडगेला लावला. आवाज पोटातून काढायचा त्यांनी प्रयत्न केला, तो जमला नाही.

"घाडगे, आजींना आणलं हद्दीत. आई-वडिलांच्या शेजारची जागा मोकळी करून ठेवा."